दोन खटल्यांची एक साक्षीदार

"ही केस आता इथं नाही," पट्टेवाला म्हणाला आणि पुढच्या माणसाकडे वळला.

आक्का जागची हलली नाही. एका हाताने तिने नवऱ्याचं कोपर धरलं होतं, दुसऱ्या हातात पाण्याची बाटली आणि औषधांची पिशवी. जिना चढताना नवऱ्याचा डावा पाय दर पायरीला अडखळला होता, आणि वर पोचेपर्यंत दोघांनाही धाप लागली होती.

"इथं नाही म्हणजे? संपली?"

"संपतेय कशाला! वर गेली, मोठ्या कोर्टात. तुमच्या वकिलांना विचारा."

वकील कॉरिडॉरच्या टोकाला भेटले. गोल चेहऱ्याचा, सतत घाम पुसणारा माणूस. आज मात्र ते खुशीत होते.

"बरं झालं बघा. आपणच अर्ज केला होता ना! भांडण एक आणि केसेस दोन. तुमच्या मिस्टरांवरची इथं, तुमच्या भावावरची तिथं. उद्या एक न्यायाधीश म्हणाला असता हा खोटा, दुसरा म्हणाला असता तो खोटा. लोकांनी हसायचं कोणाला? आता दोन्ही एकत्र. एकच न्यायाधीश, एकच तारीख."

"एकत्र?" आक्काने विचारलं.

"एकत्र."

डोक्याला मार बसल्यापासून नवऱ्याचे शब्द तोंडात घोळत बाहेर यायचे आणि परक्या माणसासमोर तो ते बाहेर काढतच नसे. त्याने फक्त काठी या हातातून त्या हातात घेतली. आक्काच्या कानात मात्र 'एकत्र' हा एकच शब्द राहिला. घरी जाताना बसमध्ये ती तो शब्द मनात घोळवत राहिली. एका खोलीत बसतील. समोरासमोर येतील. दोघांपैकी कोणीतरी एकदा तरी वर बघेल. बघितलं की पुढचं होईल आपोआप. इतकी वर्षं एका डब्यातून जेवलेली माणसं ती.

आक्का एका मोठ्या रुग्णालयाच्या धुलाईखान्यात कामाला होती. वाफेने ओल्या झालेल्या त्या लांबट खोलीत दिवसभर चादरी यायच्या, उकळायच्या, वाळायच्या आणि घड्या होऊन वॉर्डात परत जायच्या. चादरीची घडी एकट्याने होत नाही. दोन टोकांना दोघी लागतात. आक्काच्या समोरच्या टोकाला गेली कित्येक वर्षं एकच बाई होती. उंच, तोंडाळ, आणि आक्काच्या कोर्टाच्या सगळ्या तारखा तोंडपाठ असलेली. कारण प्रत्येक तारखेला कामाची पाळी बदलून द्यायची ती हीच.

"म्हणजे आता एकच सुट्टी मागणार तू," ती चादर झटकत म्हणाली. "सुटलीस बाई. दोन सासरं असल्यासारखी धावायचीस. एकीकडे बायको, दुसरीकडे बहीण."

"एकत्र येतायत ना आता," आक्का म्हणाली.

जोडीदारणीने चादरीचं टोक आक्काच्या हातात दिलं आणि क्षणभर तिच्या तोंडाकडे पाहिलं. मग पुढची चादर उचलली.

तिचं म्हणणं खोटं नव्हतं. गेली काही वर्षं आक्का दोन माणसांसारखी जगत होती. धाकट्या कोर्टात तिचा नवरा आरोपी होता, त्या तारखांना ती त्याच्याबरोबर जायची, त्याच्या शेजारी बसायची. मोठ्या कोर्टात तिचा भाऊ आरोपी होता. तिथे नवऱ्याला जावं लागत नसे, म्हणून ती एकटी जायची. घरी सांगायची, आज धुलाईखान्यात जादा काम आहे. पिशवीत भावासाठी डबा असायचा. व्हरांड्यातल्या बाकावर दोघं बसायची, दादा जेवायचा, आणि खटल्याविषयी एक अक्षर निघायचं नाही. एकदाच त्याने घास थांबवून विचारलं होतं, "पाय कसा आहे त्याचा?"

"ओढतात अजून."

"हं," दादा म्हणाला होता, आणि उरलेला डबा तसाच झाकून ठेवला होता.

दादानेच तिला वाढवलं. बाप गेला तेव्हा आक्का जेमतेम चालायला लागली होती. दादाने शाळा सोडली आणि एका कारखान्यात लेथवर उभा राहिला. तिथेच त्याला एक मित्र भेटला, अबोल, हाताचा सफाईदार. पुढे दोघांनी मिळून पंपदुरुस्तीचं वर्कशॉप काढलं आणि दादाने आपली बहीण त्या मित्राला दिली. "परक्याच्या घरात का टाकू?" तो म्हणायचा. "याला मी झोपेतसुद्धा ओळखतो." दादाची बायको लवकर गेली. मूलबाळ दोन्हीकडे नव्हतं. मग ते वर्कशॉपच तिघांचं घर झालं. दुपारी आक्का डबा घेऊन जायची आणि दोघं तेलकट हात कसेबसे पुसून एकाच ताटलीत हात घालायचे.

ज्या दिवशी ते घडलं त्या दिवशीही ती डबा घेऊनच गेली होती. एका गिऱ्हाइकाच्या पंपाचा दांडा लेथवर जास्तच बारीक कातला गेला होता. गिऱ्हाईक वाट्टेल ते बोलून निघून गेलं. मग चूक मापाची की कातण्याची यावरून दोघांत सुरू झालं. पंप बाजूलाच राहिला आणि वर्षानुवर्षांचं साठलेलं बाहेर आलं. आक्का दारात उभी होती. पुढचं सगळं तिने पाहिलं. तिच्याशिवाय ते पाहणारं तिथे दुसरं कोणी नव्हतं. नवऱ्याचं डोकं फुटलं आणि त्याची एक बाजू कायमची लुळी झाली. दादाच्या डाव्या कानाचा पडदा गेला. दोघांनी एकमेकांविरुद्ध तक्रार दिली. खरं तर दोघांच्या बाजूने वर्कशॉपच्या शेजाऱ्यांनीच ती लिहून दिली. पोलिसांनी नवऱ्याच्या तक्रारीत आक्काला विचारलं, भावाने पाइप मारला का? ती म्हणाली, मारला. दादाच्या तक्रारीत विचारलं, नवऱ्याने पाना मारला का? ती म्हणाली, मारला. दोन्ही खरं होतं. मधलं कोणी विचारलं नाही, आणि तिनेही ते सांगितलं नाही.

एकदा तिने वकिलांना भीतभीत विचारूनही पाहिलं होतं, की मिटवता नाही का येणार? वकील तिच्याकडे बघतच राहिले.

"अहो, खुनाच्या प्रयत्नाचं कलम आहे तुमच्या भावावर. आता तो खटला तुमच्या मिस्टरांचा नाही, सरकारचा आहे. यांनी माफ केलं म्हणून सरकार माफ करत नसतं."

त्यामुळेच 'एकत्र' हा शब्द तिला इतका लागून राहिला होता.

नव्या तारखेच्या आधी दोन्ही वकील तिला वेगवेगळे भेटले. नवऱ्याचे वकील घरी आले. चहाचा कप हातात घेऊन, अगदी घरच्यासारखं बोलत.

"ताई, तुम्ही फक्त पाइपाचं सांगायचं. आधी काय झालं विचारलं, तर म्हणायचं, मी तेवढ्यातच दारात आले. बस. खोटं बोलू नका, थोडं कमी बोला."

दादाच्या वकील एक तरुण बाई होत्या. त्यांनी तिला धुलाईखान्याच्या फाटकाशी गाठलं.

"आधी पाना कोणी उचलला, एवढंच सांगा. तुमच्या भावाने स्वतःला वाचवण्यासाठी हात उचलला हे न्यायाधीशांना कळलं, की तो सुटतो. एका वाक्याचं काम आहे."

दोघांच्याही तोंडावर तिने मान डोलावली. मग आत जाऊन ती चादरींच्या घड्या घालू लागली. पण त्या दिवशी तिची टोकं काही केल्या जुळेनात.

तारखेच्या आदल्या संध्याकाळी ती नवऱ्याच्या सदऱ्याची बटणं काढत होती. डाव्या हाताने त्याला ते जमत नसे. तो मान खाली घालून बसला होता. एकदम म्हणाला, "तू... त्याच्या तारखांना... जातेस."

आक्काची बोटं थांबली.

"कधीपासून माहीत आहे तुम्हाला?"

"पहिल्या... पासून."

"मग बोलला का नाहीत?"

त्याला शब्द जुळवायला वेळ लागला. ओठाच्या कोपऱ्यात लाळ आली, ती त्याने चांगल्या हाताने पुसली.

"त्याला... जेवायला... कोण देणार?"

आक्काने उरलेली बटणं काढली. मग स्वयंपाकघरात जाऊन नळ सोडला आणि भांडी घासायला घेतली. सगळी घासलेलीच होती.

सकाळी तिने तिघांचा डबा भरला.

कोर्टाची खोली तिला ओळखीची होती, पण ती आजवर तिथे एकाच बाजूची होऊन आली होती. मधोमध जायला वाट, दोन्ही बाजूंना बाक. नवऱ्याला घेऊन ती आत शिरली तेव्हा उजवीकडच्या पुढच्या बाकावर दादा बसला होता. त्याची पाठ तिच्याकडे होती. मानेवरचे केस तिने पाहिले, वाढलेले, पांढरे. कोणीतरी कापून द्यायला हवे होते. वकिलांनी नवऱ्याला डावीकडे बसवलं. तो बसला, काठी गुडघ्यांत धरली आणि समोर बघत राहिला. दादाही समोरच बघत होता. दोघांच्या मध्ये हातभर वाट होती. कोणीच वर पाहिलं नाही.

आक्का दाराशी उभी राहिली. डावीकडे जावं तर दादाला कळेल, उजवीकडे जावं तर सगळ्या खोलीला.

"बाई, बसा कुठंतरी," दारावरचा पोलीस म्हणाला. "वाट अडते."

"कुठं बसू?"

"अहो, कुठंही. मोकळं आहे की सगळं."

ती अगदी मागच्या बाकाच्या टोकाला, भिंतीला खेटून बसली. मांडीवर डबा. जेवणाच्या सुट्टीत दादा बाहेर गेला नाही आणि नवराही हलला नाही. डबा तिच्या मांडीवर गार झाला.

तिथेच नवऱ्याच्या वकिलांनी तिला समजावलं, की खटले दोन ते दोनच आहेत. एकत्र म्हणजे एका न्यायाधीशासमोर, एकापाठोपाठ, इतकंच. यातली साक्ष त्यात धरत नाहीत. तिला दोनदा उभं राहायचं होतं.

"मग एकत्र काय आलं?" तिने विचारलं.

वकील घड्याळाकडे बघत म्हणाले, "निकाल."

पुढच्या तारखांना डॉक्टर आले, पोलीस आले. आक्काच्या साक्षीची पाळी आली ती एका ढगाळ सकाळी. त्या दिवशी ती आत जाण्याआधी दादा व्हरांड्यात तिच्याजवळ आला. उजवा कान तिच्याकडे करून, वाकून उभा राहिला.

"चिमे," तो म्हणाला. त्या नावाने हाक मारणारा जगात तो एकटाच उरला होता. "तुला कोणी काय सांगितलंय ते मला नको सांगूस. मीही तुला काही सांगणार नाही."

"दादा, मी काय करू?"

"खाल्लंस का काही?"

"नाही."

"मग बिस्किट तरी खा. चक्कर येईल तिथं उभं राहून."

खिशातून त्याने बिस्किटाचा पुडा काढून तिला दिला आणि आत निघून गेला.

पहिला खटला दादावरचा. सरकारी वकिलांनी विचारलं तसं ती सांगत गेली. दादाने पाइप उचलला. यांच्या डोक्यात मारला. हे पडले. टंकलेखकाची बोटं तिच्या मागोमाग चालत होती. मग दादाच्या वकीलबाई उठल्या.

"पाइप उचलण्याआधी काय झालं होतं?"

नवऱ्याचे वकील बाकावरून पुढे सरकले. आक्काने पिंजऱ्याचं लाकूड धरलं.

"दादा यांना बोलला. म्हणाला, माझ्या बहिणीमुळं उभा आहेस इथं, नाहीतर कुठंतरी हमाली करत असतास."

"आणि मग?"

"यांनी पाना उचलला. दादाच्या कानावर मारला. दादाच्या कानातून रक्त आलं."

"म्हणजे पहिला वार तुमच्या नवऱ्याने केला."

"हो."

वकीलबाईंचा चेहरा उजळला. "माझे प्रश्न संपले," त्या म्हणाल्या आणि बसायला वळल्या.

"अजून आहे," आक्का म्हणाली.

वकीलबाई अर्ध्यावर थांबल्या. "मला आणखी काही विचारायचं नाही."

पण न्यायाधीशांनी चष्मा वर केला होता. वयस्क, थकलेला माणूस होता तो. "काय आहे? सांगा."

आक्काने दादाकडे पाहिलं. तो तिच्याकडेच बघत होता, चांगला कान पुढे करून, एकही शब्द सुटू नये म्हणून.

"हे पडले होते," ती म्हणाली. "हातातून पाना सुटला होता. हलत नव्हते. मी ओरडले, दादा, पुरे. तरी दादानं परत मारलं. त्या दुसऱ्या फटक्यानं डोकं फुटलं."

खोलीत फक्त टंकलेखन यंत्राचा आवाज राहिला. मग तोही थांबला. दादाने कान मागे घेतला आणि जमिनीकडे पाहिलं.

दुपारी दुसरा खटला, नवऱ्यावरचा. तोच पिंजरा, तेच न्यायाधीश, परत शपथ.

"सकाळी सांगितलं ना सगळं," आक्का म्हणाली. "साहेबांनी ऐकलंय."

"सकाळचं इथं चालत नाही, बाई," न्यायाधीश हळू म्हणाले. "हा वेगळा खटला आहे. पुन्हा सांगावं लागेल."

सकाळी तिला माहीत नव्हतं की ऐकताना त्या दोघांचे चेहरे कसे होतील. आता माहीत होतं. तिने पुन्हा सगळं सांगितलं. दादाचं बोलणं, पाना, रक्त, पाइप, आणि तो दुसरा फटका. दोन्ही वकिलांनी फिरवून फिरवून विचारलं. "पाना मारला की नुसता उगारला?" "मारला." "तुमचा भाऊ आधी अंगावर आला होता ना?" "नाही. तो नुसता बोलला." "एवढ्या घाईत तुम्हाला सगळं दिसलं?" "मी दारातच होते. मला दुसरीकडं बघताच आलं नाही." एकाही शब्दाची तिने अदलाबदल केली नाही. खाली उतरली तेव्हा दोन्ही वकील आपापले कागद आवरत होते आणि दोघांपैकी एकही तिच्याकडे बघत नव्हता.

बसमधून उतरताना नवऱ्याने तिचा हात धरला नाही. दांडी धरून, पाय ओढत, तो एकटा उतरला.

त्या रात्रीपासून त्याने स्वतःची बटणं स्वतः लावायला सुरुवात केली. खूप वेळ लागायचा. आक्का दुसऱ्या खोलीत बसून वाट बघायची. दादाकडे तिने पुढच्या तारखेला डबा नेला, तर तो म्हणाला, "भूक नाही," आणि व्हरांड्याच्या दुसऱ्या टोकाला जाऊन उभा राहिला. राग त्याच्या चेहऱ्यावर नव्हता. राग असता तर तिला बरं वाटलं असतं.

धुलाईखान्यात जोडीदारणीने एकदाच म्हटलं, "कोणा एकाला वाचवायचं होतंस तरी."

"कोणाला?" आक्काने विचारलं.

जोडीदारणीने चादरीचं टोक तिच्याकडे टाकलं. मग दोघींनी चादर ताणून धरली.

निकाल दोन्ही खटल्यांचा एकाच दिवशी, एकाच तासात लागला. दादाला काही वर्षं. नवऱ्याला, त्याची प्रकृती पाहून, काही महिने. दोघं दोषी. वकिलांनी वरच्या न्यायालयात जायचं म्हटलं. दादा नको म्हणाला. नवऱ्याने मान हलवून तेच सांगितलं. दोघांना त्या दिवशी एकाच गाडीतून नेलं. आक्का तेव्हा कोर्टाच्या मागच्या फाटकाशी थांबली होती आणि गाडी पुढच्या फाटकातून गेली.

भेटीचा पहिला दिवस आला तेव्हा ती तुरुंगाच्या दरवाज्याशी रांगेत उभी राहिली. तिच्या हातात एक मोठं बोचकं होतं. खिडकीतल्या शिपायाने विचारलं, "कोणाला भेटायचंय?"

तिने दोघांची नावं सांगितली.

"एका वेळी एकालाच भेटता येतं."

"मग आधी कोणालाही बोलवा. जो येईल तो."

शिपाई आत गेला. बराच वेळ गेला. आक्का बाकावर बसली नाही, हाक आली तर लगेच जाता यावं म्हणून. तो परत आला तेव्हा तिच्या तोंडाकडे न बघता म्हणाला, "दोघंही नाही म्हणतायत."

"वेगवेगळं विचारलंत की...?"

"वेगवेगळं कशाला? एका भिंतीशीच बसले होते दोघं. उन्हात." तो जरा थांबला. खिडकीपाशी तिच्यामागे कोणी नव्हतं, म्हणून असेल, पण त्याचा आवाज उतरला. "तो तुमचा आजारी माणूस आहे ना, त्याला सकाळी नळावर तो दुसरा घेऊन जातो. खांद्याला धरून. आम्ही कोणी सांगितलं नाही त्याला."

आक्काने खिडकीच्या कडेवर हात ठेवला.

"बोलतात का?"

"बोलताना तरी बघितलं नाही मी. नुसते बसतात."

आक्काने बोचकं उचलून खिडकीवर ठेवलं. त्यात सदरे होते, टॉवेल होते, दोन लोकरी बंड्या होत्या. एक दुसरीपेक्षा जरा मोठी.

"एवढं आत द्याल?"

"देतो. पण पावती एकाच नावावर होते." शिपायाने पेन उचललं. "कोणाच्या नावावर लिहू?"

"कोणाच्याही लिहा," आक्का म्हणाली.

शिपायाने पहिलं आठवलं ते नाव लिहिलं. तिने ते वाचलं नाही. पदर सारखा करून ती फाटकाबाहेर आली. बस उभीच होती. कंडक्टरने तिच्याकडे बघून घंटेची दोरी धरून ठेवली. आक्काने हाताने त्याला जा म्हणून खूण केली आणि तुरुंगाच्या उंच भिंतीलगत, जिथे ऊन पडलं होतं, तिथे जाऊन बसली.